बाइंडरकाकांचं वेगळं पातेलं

माझी आत्या वृद्धाश्रमात स्वयंपाक करायची. तिला ओळखणारी माणसं तिच्याबद्दल दोन गोष्टी हमखास सांगतात. एक, तिच्या हाताला चव आहे. दोन, तिच्या वाटेला जाऊ नये. दुसरी गोष्ट मी लहानपणापासून अनुभवली आहे. भाजीवाल्याने वजनात हात मारला, शेजाऱ्याने कचरा आमच्या दारात लोटला, की आत्या पदर खोचून बाहेर. माझे वडील तिचे धाकटे भाऊ, ते म्हणायचे, "ताईचा राग म्हणजे भाडेकरू आहे. एकदा आत शिरला की जागा सोडत नाही."

पण ज्या रागाची गोष्ट मी सांगणार आहे तो वेगळा होता. त्याच्याशी तिचा स्वतःचा काडीचा संबंध नव्हता. उलट, जगाची रीत बघता तिने या भांडणात दुसऱ्या बाजूला उभं राहायला हवं होतं.

त्याचं कारण असं. माझे आजोबा डुकरं पाळायचे. शहराच्या टोकाला, नाल्याच्या पलीकडे त्यांचा गोठा होता. उतार दिलेली फरशी, एका बाजूला भुशाचा थर, दुसऱ्या बाजूला पाण्याची टाकी. उन्हाळ्यात शाळेतून आल्यावर आत्याचं काम म्हणजे पाइप धरून माद्यांच्या अंगावर पाणी मारणं. माद्या डोळे मिटून उभ्या राहायच्या. आत्या म्हणते, इतकं समाधान तिने नंतर कोणाच्याच चेहऱ्यावर पाहिलं नाही, नवऱ्याच्या तर नाहीच नाही.

शाळेत मात्र तिचं नाव 'डुक्करवाली' पडलं. बाकावर शेजारी बसणारी मुलगी एके दिवशी उठून मागे गेली. का, म्हणून विचारलं तर म्हणाली, आईने सांगितलंय, तिच्या शेजारी बसू नकोस, ते जनावर आपल्यात चालत नाही. आत्या रडत घरी आली. आजोबा फरशी घासत होते. त्यांनी खराटा खाली ठेवला नाही.

"डुकराला घाम येत नाही," ते म्हणाले, "म्हणून ते गारव्याला चिखलात लोळतं. माणसाला घाम येतो, तरी लोळतो. आता घाण कोण ते तूच ठरव."

आत्याने ठरवलं. डुकराला नावं ठेवणारा माणूस तिच्या यादीत कायमचा खाली गेला. त्याचा धर्म, त्याचे ग्रंथ, त्याची कारणं, तिला कशाशीही कर्तव्य नव्हतं. ज्या नियमाने एका लहान मुलीला बाकावर एकटं बसवलं, तो नियम तिच्या लेखी नालायक.

पुढे तिचं लग्न झालं, मोडलं, ती आमच्या घरी राहायला आली आणि त्या वृद्धाश्रमाच्या स्वयंपाकघरात लागली. मी सुट्टीत तिथे जायचे. लांबलचक स्टीलचा ओटा, त्यावर शेगड्या, मधली शेगडी पेटताना भडका घ्यायची म्हणून तिच्याजवळ नवख्याला फिरकू द्यायचं नाही. तेलकट जाळीचा पंखा. भिंतीवर उतरत्या क्रमाने टांगलेली पातेली. आणि भोजनगृहाच्या बाजूला एक खिडकी, जिच्यातून ताटं बाहेर सरकवायची. त्या खिडकीत कोपर टेकून आत्या सगळ्यांना जेवताना बघायची. कोणी काय टाकलं, कोणी काय पुसून खाल्लं, हे तिच्या डोळ्यांतून सुटायचं नाही.

एके दिवशी त्या खिडकीशी एक नवीन म्हातारा येऊन उभा राहिला. उंच, जरा वाकलेला, बोटांची टोकं खळीने कडक झालेली. आयुष्यभर पुस्तकांची बांधणी केलेला माणूस. बायको वारली होती, मुलगा दुसऱ्या शहरात. आश्रमात सगळे त्यांना बाइंडरकाका म्हणू लागले.

"बाई," ते म्हणाले, "हा रस्सा कशात केलाय?"

"पातेल्यात केलाय. बादलीत नाही केला."

"तसं नव्हे. या पातेल्यात आधी डुकराचं मटण शिजलं होतं का?"

शिजलं होतं. आदल्याच दिवशी. आत्याने तसं सांगितलं, आणि वर "घासून धुतलंय" असंही सांगितलं. काकांनी मान डोलावली, ताट अलगद परत सरकवलं आणि नुसता पाव आणि केळं घेऊन गेले. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी तेच. आत्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिने घासलेल्या पातेल्याला कोणी नाक मुरडावं, हे तिच्या नोकरीत घडलं नव्हतं. जेवणं आटोपल्यावर ती हात पुसत थेट त्यांच्या टेबलापाशी गेली.

"काका, एक सांगा. डुकराने तुमचं काय घोडं मारलंय?"

काकांनी केळ्याचं साल नीट घडी करून ताटात ठेवलं. "डुकराबद्दल माझी काहीच तक्रार नाही," ते म्हणाले. "हुशार जनावर आहे असं ऐकतो."

"मग? घाण वाटतं ना?"

"बसा ना बाई. उभ्याने भांडू नये, गुडघे दुखतात."

आत्या बसली. रागातच बसली, पण बसली.

काका म्हणाले, "लहानपणी मी वडिलांना विचारलं, आपण का खात नाही. ते म्हणाले, घाण असतं. मग मास्तरांना विचारलं. ते म्हणाले, त्यात किडे असतात, पोटात जातात, डोक्यात जातात. मग माझा एक मेहुणा होता, फार वाचायचा. तो म्हणाला, अरे, हे सगळं उष्ण, कोरड्या मुलखातलं. तिथे डुकराला सावली कुठून आणणार, पाणी कुठून आणणार? ते गवतावर जगत नाही, माणसाच्याच तोंडचं धान्य मागतं. दूध देत नाही, लोकर देत नाही, नांगर ओढत नाही. पाळणं परवडेना, म्हणून बंदी. आणि माझा भागीदार होता, तो ज्यू. मी मुसलमान. एकाच दुकानात आमची खळ शिजायची. त्यांच्यातही हे चालत नाही, आमच्याही आधीपासून. तो म्हणायचा, आमच्या ग्रंथात साफ लिहिलंय, खूर दुभंगलेला हवा आणि जनावराने रवंथ करायला हवं. डुकराचा खूर दुभंगलेला आहे, पण ते रवंथ करत नाही. संपलं. पुढे का, ते देवाला विचारा."

"आणि तुमच्यात?"

"आमच्यात अपवित्र म्हटलंय. त्याहून जास्त खुलासा नाही."

"म्हणजे तुम्हालाच माहीत नाही."

"नाही माहीत," काका म्हणाले. "कारण कळलं असतं तर मी त्या कारणाशी वाद घातला असता. बाइंडर माणूस, पुस्तकं बांधता बांधता अर्धी वाचून होतात, वाद घालायची सवय लागते. मी खात नाही ते वेगळ्याच गोष्टीमुळे."

आणि मग त्यांनी ती पुराची गोष्ट सांगितली. काका लहान असताना नदी गावात शिरली होती. घर गेलं. एका शाळेच्या इमारतीत छावणी पडली, तिथे डबाबंद मांस वाटलं गेलं. सगळं डुकराचं. बाकी काही येईना. काकांच्या आईने आपल्या वाट्याचे डबे शेजारच्या कुटुंबाला देऊन टाकले. कोणी तरी तिला म्हणालं, अगं, जिवावर बेतलं तर खाल्लं तरी पाप नाही, असं ग्रंथातच आहे. ती म्हणाली, मला माहीत आहे. माझ्या जिवावर अजून बेतलेलं नाही. मुलांना तिने कुठून कुठून उकडलेले बटाटे मागून आणले. स्वतः जवळपास उपाशीच राहिली.

"ती वाचली," काका म्हणाले. "पण मी ते बघितलंय ना, बाई. जे तिने उपाशीपोटी बाजूला सारलं, ते मी आता भरल्या पोटी चवीसाठी खाऊ?"

आत्या उठली आणि आत गेली. त्याच आठवड्यात भिंतीवर एक नवं पातेलं आलं, कडांना निळा रंग दिलेलं. वेगळी सुरी, वेगळी फळी. मदतनीस बाईंना तिने बजावून सांगितलं, निळ्याला हात लावाल तर हात मोडून ठेवीन. काकांना मात्र ती म्हणाली, "तुमच्या देवासाठी नाही केलं हे. तुमच्या आईसाठी केलं."

"देवाची हरकत नसेल," काका म्हणाले.

पुढची काही वर्षं आत्याची दुपार ठरलेली असायची. भांडी आवरली की काका स्टूल घेऊन स्वयंपाकघरात यायचे. आश्रमाच्या वाचनालयातली फाटकी पुस्तकं मांडीवर, खळीची वाटी बाजूला. आणि तोंडाने वाद. आत्या डुकराची वकील, काका फिर्यादी नसलेले साक्षीदार. कधी तपासणीला येणारे डॉक्टरही चहाला थांबायचे. एकदा ते म्हणाले, किड्यांची भीती खरी आहे, कच्चट राहिलेल्या मांसातून त्या काळी माणसं मरत असणार. आत्या उसळली. माझ्या बापाच्या जनावरांत एक किडा निघाला नाही, म्हणाली. डॉक्टरांनी हसून चहा संपवला. रात्री घरी आल्यावर तिला आपोआप आठवलं, एकदा आजोबांनी अख्खं डुक्कर खड्डा खणून पुरलं होतं. मांसात तांदळासारखे दाणे दिसले म्हणून. दुसऱ्या दिवशी तिने ते काकांना स्वतःहून सांगितलं. काका म्हणाले, "वकिलाने असं कबूल करायचं नसतं, बाई." आत्या म्हणाली, "बापाने पुरलं ना? विकलं तर नाही? मग कबूल करायला लाज कसली."

मग काका विसरायला लागले.

आधी खळीचा ब्रश चहात बुडवला. आम्ही हसलो, तेही हसले. मग पुस्तकाची पानं उलट्या क्रमाने शिवली. मग मुलाचं नाव गेलं. आत्याला ते कधी 'आपा' म्हणायचे, ते त्यांच्या मोठ्या बहिणीला म्हणत असावेत. "आई जेवली का?" असं विचारायचे. आत्या म्हणायची, जेवली, तुम्ही जेवा. हळूहळू स्टूल रिकामं राहू लागलं. पण निळं पातेलं रोज चढत होतं.

त्याच सुमारास आत्याच्या गुडघ्याची शस्त्रक्रिया झाली आणि ती बरेच आठवडे घरी पडून राहिली. मधल्या काळात आश्रमाला नवे व्यवस्थापक आले. तरुण, शिकलेले, सगळ्यांशी गोड बोलणारे. आत्या काठी टेकत कामावर परतली, त्या दुपारी मी तिला सोडायला गेले होते, म्हणून पुढचं सगळं मी डोळ्यांनी पाहिलं.

आत्याने आधी भिंतीकडे पाहिलं. निळं पातेलं जागेवर नव्हतं. ते मोरीत होतं. त्यात फरशी पुसायची फडकी भिजत घातली होती.

"हे काय?" आत्याने मदतनीस बाईंना विचारलं.

त्या ओशाळल्या. "साहेबांनी सांगितलं, आता सगळ्यांना एकच जेवण. वेगळं वेगळं नको, गोंधळ होतो."

"आणि काका?"

बाईंनी खिडकीकडे बोट दाखवलं. त्या दिवशी डुकराचा खिमा होता. काका टेबलाशी बसून पावाच्या तुकड्याने ताट पुसून खात होते. मन लावून, हनुवटीला तेल लागेपर्यंत. शेजारी उभी असलेली सेविका कौतुकाने म्हणाली, "बघा ना, किती आवडीने खातात. आधी उगाच यांचं वेगळं करत होतात."

आत्या काठी विसरून बाहेर गेली. "काका, हे नका खाऊ," म्हणत तिने ताटाला हात घातला. काकांनी ताट दोन्ही हातांनी धरलं. "माझं आहे," ते म्हणाले. आत्याने ओढलं. त्यांनी तिच्या हातावर फटका मारला, आणि ताट सुटलं तसे ते रडायला लागले. लहान मूल रडतं तसं, तोंड उघडं टाकून. सगळं भोजनगृह बघत होतं. आत्या ते उष्टं ताट हातात घेऊन उभी होती. तिच्याकडे पाहून कोणालाही वाटलं असतं, ही बाई म्हाताऱ्याच्या तोंडचा घास चोरतेय.

तिने अंडी उकडून आणली. काकांनी ती खाल्ली नाहीत.

तिथून ती तडक व्यवस्थापकांच्या खोलीत. मी मागोमाग. खोलीत कुंडी होती, भिंतीवर हसऱ्या म्हाताऱ्यांचे फोटो होते.

"बसा ताई, गुडघा कसा आहे?" साहेब म्हणाले.

"काकांना डुकराचं कोणी घातलं?"

"अहो, त्यांना कुठे आठवतंय?" साहेबांचा आवाज मऊ होता. "मी मुद्दाम विचार केला यावर. मी वाचलंय, ताई. हे नियम आले कुठून? त्या काळी फ्रिज नव्हते, मांस तपासणारे नव्हते. रोग व्हायचे. म्हणून त्या काळच्या शहाण्या लोकांनी धर्माच्या नावाने सांगितलं, खाऊ नका. आता मांसावर शिक्का असतो, आपण तासभर शिजवतो. कारणच उरलं नाही, तर नियम कशाला? आणि ते आनंदाने खातात. वजन वाढलंय त्यांचं."

"तुम्ही त्यांना विचारलंत?"

"कसं विचारणार? त्यांना कळत नाही."

"कळत होतं तेव्हा त्यांनी सांगितलं होतं. वर्षानुवर्षं रोज सांगितलं होतं. ते कुठे गेलं?"

"ते तेव्हाचे काका होते, ताई. आत्ताच्या काकांना खिमा आवडतो."

मी आत्याला पुष्कळदा रागावलेली पाहिली आहे. त्या दिवशी तिचा आवाज चढला नाही, उलट खाली गेला. ती म्हणाली, "साहेब, मी डुकरं पाळणाऱ्याची मुलगी. मी परवाच खाल्लंय, उद्याही खाईन. मला शिकवू नका त्यात काय वाईट आहे आणि काय नाही. प्रश्न मांसाचा नाही. झोपलेल्या माणसाच्या बोटाचा ठसा घेऊन घर नावावर करतात ना, तसलं काम केलंय तुम्ही."

साहेबांचं हसू जरा आटलं. "तुम्ही भावनेच्या भरात बोलताय," ते म्हणाले. स्वयंपाकघर त्यांच्या अखत्यारीत आहे, आणि मुलाची हरकत नाही, असंही म्हणाले.

मुलाची खरंच हरकत नव्हती. आठवड्याच्या शेवटी तो आला. चाळिशीतला, थकलेला, भला माणूस. आत्याने त्याला अंगणातल्या बाकावर गाठलं.

"मावशी, मी स्वतः खातो," तो म्हणाला. "बाबांना माहीत होतं. कधी बोलले नाहीत. आता ते काहीतरी चवीने खातात, हसतात. ते हिरावून काय मिळवायचं? आणि विसरून, नकळत घडलं तर दोष लागत नाही, हे त्यांनीच मला शिकवलंय."

"त्यांना लागत नाही, मान्य," आत्या म्हणाली. "ते विसरले. तुम्ही विसरलात का? साहेब विसरले का? ज्याला आठवतंय त्याने ताट वाढलं, त्याला लागतो दोष."

मग तिने पुराची गोष्ट सांगितली. मुलाने ती कधीच ऐकली नव्हती. डबे, छावणी, आजीचं ते वाक्य, काहीच नाही. तो बुटाच्या टोकाने माती उकरत राहिला. शेवटी म्हणाला, "मला वाटायचं, बाबा नुसते सवयीने करतात." आत्याला वाटलं, आता हा उठेल आणि आत जाऊन साहेबांना सुनावेल. तो उठला, पण म्हणाला, "मी भांडू शकत नाही, मावशी. त्यांनी बाबांना ठेवून घ्यायला नकार दिला तर मी कुठे नेऊ? यांच्यासारख्यांना कोणी घेत नाही."

खरं होतं ते. आणि ते खरं होतं, याचाच आत्याला सगळ्यात जास्त संताप आला. माणूस इतका अडलेला, की बापाच्या बाजूने एक शब्द बोलायचीही त्याला भीती वाटावी.

दुसऱ्या दिवसापासून आत्या घरून डबा करून नेऊ लागली. आमच्या घरात माझे वडील कुरकुरले, आपल्याच भांड्यांत काय काय शिजतं ते विसरलीस का? आत्याने नवं पातेलं काढलं. पण डबा फार चालला नाही. बाहेरचं अन्न आश्रमात आणायला मनाई आहे, असं साहेबांनी तिला गोड शब्दांत कळवलं, आणि आणखी एकदा सापडलं तर कामावर यायची गरज नाही, हेही तितक्याच गोड शब्दांत.

आत्या त्या दिवशी भाज्या चिरत बसली. पण मदतनीस बाईंच्या पोटात गोष्ट राहत नसे. त्यांनी ती भोजनगृहात सांगितली, आणि तिथल्या एका म्हातारीने ती उचलून धरली.

त्या म्हणजे सिस्टर. जन्मभर इस्पितळात नर्स होत्या, आता मधुमेहाने पाय गेलेले, चाकाच्या खुर्चीत. त्यांना काकांच्या धर्माशी देणंघेणं नव्हतं. त्या स्वतः देवही मानत नव्हत्या. दुपारी घंटा झाली, ताटं वाढली गेली, आणि सिस्टरनी आपलं ताट पुढे ढकललं. शेजारच्या टेबलावरच्या निवृत्त ड्रायव्हरने आपलं ढकललं. मग त्यांच्या बाजूच्या दोघी बहिणींनी. बघता बघता सगळं भोजनगृह हाताची घडी घालून बसलं. एक काका सोडून. ते खात होते, कारण त्यांना यातलं काही ठाऊक नव्हतं.

साहेब धावत आले. "काय झालं? जेवण चांगलं नाही का?"

"जेवण चांगलं आहे," सिस्टर म्हणाल्या. "बाई चांगलंच करतात. मला एक विचारायचंय. माझ्या उशाशी माझ्या नवऱ्याचा फोटो आहे. उद्या मी त्याला विसरले, तर तुम्ही तिथे कोणाचाही फोटो लावाल. मी त्यालाही नवरा म्हणून हात जोडीन. मला कुठे कळणार आहे? बरोबर ना?"

"सिस्टर, ही तुलना..."

"आम्ही सगळेच विसरणार आहोत हो, साहेब. कोणी आज, कोणी उद्या. आम्ही इथे त्यासाठीच आलोय. आम्ही विसरलो की आमचं कोण आठवणार, ते आधी कळू दे. मग जेवतो."

निवृत्त ड्रायव्हर म्हणाला, "मला साखर कमी द्यायची हे तुम्ही लक्षात ठेवता. मग यांचं ठेवायला काय धाड भरते?"

साहेबांनी समजावून पाहिलं. पथ्य आणि श्रद्धा यात फरक असतो, वगैरे. कोणी ताटाला हात लावला नाही. रस्सा गार झाला, त्यावर चरबीची साय धरली. आत्या खिडकीत उभी होती. तिने कोणाला हे करायला सांगितलं नव्हतं, आणि थांबा असंही ती म्हणाली नाही. संध्याकाळच्या जेवणालाही तेच झालं, तेव्हा संस्थेच्या विश्वस्तांना फोन गेले. काही नातेवाइकांनी रागावून विचारपूस केली. दुसऱ्या दिवशी सकाळी फलकावर एक कागद लागला. 'रहिवाशांच्या पूर्वीपासूनच्या आहारविषयक सवयी स्वयंपाकघराच्या सोयीनुसार पाळल्या जातील.'

"सोयीनुसार," आत्याने मोठ्याने वाचलं. मग ती साहेबांकडे गेली.

"आभार मानायला आलात का?" साहेबांनी विचारलं.

"नाही. काकांची माफी मागा."

"ताई, आता पुरे. त्यांना माफीचा अर्थही कळणार नाही."

"तुम्हाला कळेल."

साहेबांनी माफी मागितली नाही. पुढे त्यांची बढतीवर बदली झाली. त्यांच्या निरोप समारंभात 'माणुसकीने वागणारे अधिकारी' असं भाषण झालं. आत्या त्या वेळी मोरीत पातेली घासत होती, आणि तिने ती इतक्या जोरात आपटली की वक्त्याला दोनदा थांबावं लागलं.

लोकांना वाटलं, आत्या जिंकली. तिला तसं कधीच वाटलं नाही. घरून आणलेल्या त्या नव्या पातेल्यात रोज काकांचं वेगळं शिजू लागलं, पण काका कधी कधी खिडकीशी येऊन म्हणायचे, "आपा, ते परवाचं दे ना. बारीक बारीक असतं ते." जिभेला चव लागली होती. आत्या म्हणायची, "संपलं, काका." ते खट्टू होऊन परत जायचे, आणि आत्या ओट्याला धरून उभी राहायची. एकदा मी तिला म्हटलं, "द्यायचं का गं थोडं? त्यांना काय फरक पडतो?" ती माझ्याकडे अशी वळली की मला पळून जावंसं वाटलं.

"तूही तेच म्हण," ती म्हणाली. "त्यांनी मला पुराची गोष्ट सांगितली तेव्हा शुद्धीत होते. ते मला सांगून गेलेत, त्यांना काय हवं ते. आता त्यांची जीभ काही मागेल, मी कोणाचं ऐकू?" मग म्हणाली, "आणि तुला सांगू, त्या माणसाने काकांना खाऊ घातलं, ते एक. पण त्याच्यामुळे मला काकांच्या हातातलं ताट ओढावं लागलं. ते रडले गं. माझ्यामुळे रडले. याला काही माफी नाही."

थंडीच्या दिवसांत काका गेले. दुपारी झोपले आणि उठले नाहीत. मुलगा आला, सगळं आटोपलं, आणि नंतर एके दिवशी तो त्यांचं सामान न्यायला आला. एक पिशवी, चष्मा, कागदाची घडी दाबायची हाडाची पट्टी, दोन स्वेटर. निघेपर्यंत जेवणाची वेळ झाली, म्हणून सिस्टरनी त्याला आपल्या टेबलाशी बसवून घेतलं.

तो ताट घ्यायला खिडकीशी आला. त्या दिवशी नेमका खिमाच होता. वास सगळीकडे पसरला होता. आत्याने पळी हातात घेतली आणि त्याच्याकडे पाहिलं. "काय वाढू?"

त्याने खिमा पाहिला, शेजारी काकांच्या पातेल्यातली अंडी पाहिली. "मावशी, मी सोडायला हवं का?"

"मला नका विचारू. मी दोन्ही पातेल्यांत शिजवते. काय वाढू, तेवढं सांगा."

"अंडी द्या," तो म्हणाला. "आजच्या दिवस."

आत्याने अंडी वाढली, वर रस्सा घातला, पावाचे तुकडे ठेवले. तो सिस्टरच्या शेजारी बसून जेवला.

घरी येताना मी आत्याला म्हटलं, आजच्या दिवस म्हणाला, म्हणजे उद्या खाणार.

"खाऊ दे की," आत्या म्हणाली. "उद्याचं तो उद्या सांगेल. त्याला विचारलं, त्याने सांगितलं, मी वाढलं. याच्यापलीकडे माझं काय म्हणणं होतं?"

आणि पुढच्या वळणावर रस्त्यात आडवी लावलेली गाडी दिसली तशी ती काठी उगारून तिच्या मालकाला शोधायला गेली.